प्रयोगाच्या वेळी निशारस चमकत नाही : लक्षणे, तपासण्या आणि कोठे थांबावे

जळगाव, धुळे आणि नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांतील शाळांच्या बालनाट्यांसाठी मी बरीच वर्षे रंगसाहित्य आणि प्रकाशयोजना सांभाळत आलो आहे. आमच्या एका नाटकात सात विहिरींचे एक कल्पित राज्य आहे आणि त्या राज्यात निशारस नावाचे दुर्मिळ द्रव्य आहे. सातांपैकी एकाच विहिरीत, तेही अमावास्येच्या रात्री, ते गुंजभर पाझरते. त्याच्याजवळ खरे बोलले गेले की निळसर उजळते आणि खोटे बोलणाऱ्याने त्यात हात घातला की विझते. सगळा निवाडा त्या बरणीवर असल्यामुळे ती उजळली नाही, तर नाटकाला अर्थच उरत नाही. हे नाटक अनेक शाळा करतात आणि स्नेहसंमेलनाच्या आदल्या रात्री त्यांचा फोन येतो, "सर, रस चमकतच नाहीये." त्या फोनवर मी जे विचारतो आणि करायला सांगतो, ते येथे क्रमाने लिहीत आहे.

लक्षणे

प्रथम आपल्या बरणीचे नेमके काय होते आहे ते ओळखावे, कारण प्रत्येक लक्षणाचे कारण निराळे असते. घरी किंवा वर्गात छान चमकणारा रस मांडवात फिका पडत असेल, तर दोष बहुधा भोवतालच्या उजेडाचा किंवा रसावर मारलेल्या अतिनील (अल्ट्राव्हायोलेट) दिव्याच्या अंतराचा असतो. बरणीची एकच बाजू उजळून पोट काळे राहत असेल, तर दिव्याची जागा चुकलेली असते. पहिल्या तालमीला उत्तम आणि पुढच्या वेळी मंद, असे घडत असेल, तर पाणी, बाटली किंवा मिसळलेला एखादा पदार्थ तपासावा लागतो. रसापेक्षा मुलांचे पांढरे शर्ट अधिक चमकत असतील, तर रस निर्दोष आहे आणि नेपथ्य व वेशभूषा बदलावी लागेल. रस अजिबातच उजळत नसेल, तर रसाला हात लावण्यापूर्वी दिवा तपासावा.

रंगमंचावरचा निशारस म्हणजे किराणा दुकानात किंवा मॉलमध्ये मिळणारे टॉनिक वॉटर. त्याला कडूपणा देणारे क्विनाइन, म्हणजे सिंकोनाच्या सालीतून निघणारे आणि एके काळी हिवतापावर सर्रास दिले जाणारे औषध, अतिनील किरण शोषून घेते आणि ती ऊर्जा लगेच निळ्या प्रकाशाच्या रूपाने बाहेर टाकते. ब्रिटिश शास्त्रज्ञ जॉन हर्शेल यांनी 1845 मध्ये क्विनाइनच्या द्रावणातील हा निळा प्रकाश नोंदवला आणि जॉर्ज स्टोक्स यांनी 1852 मध्ये त्याचा उलगडा केला. मराठीत आपण या गुणधर्माला प्रतिदीप्ती म्हणतो. यातील व्यवहाराची गोष्ट अशी की या रसाला स्वतःचा उजेड नाही. अतिनील किरण पोहोचतील तेवढाच तो उजळतो आणि दिवा बंद होताच त्याच क्षणी विझतो. रस मंद दिसला की लोक बरणीत आणखी टॉनिक वॉटर ओततात, रंग घालतात, गोळ्या विरघळवतात. माझ्या अनुभवात दोष बहुतेक वेळा बरणीच्या बाहेर असतो आणि या उपायांनी चांगला रसही बिघडतो.

सर्वांत आधी : काळोख आणि डोळे

या तपासणीला एक पैसाही लागत नाही, म्हणून ती पहिली. प्रवेशाच्या वेळी मांडवातील प्रत्येक उजेड मोजावा. प्रॉम्प्टरच्या हातातील मोबाइल, ध्वनियंत्रावरचे लाल-निळे ठिपके, मांडवाबाहेरचा हॅलोजन, शाळेच्या व्हरांड्यातील ट्यूब आणि चित्रीकरण करणाऱ्या पालकांचे मोबाइल, हे सर्व त्यात येतात. क्विनाइनचा निळा प्रकाश इतका सौम्य असतो की एका ट्यूबच्या उजेडातही तो हरवतो. सातपुड्याच्या पायथ्याच्या गावात, रस्त्यावर दिवे नसलेल्या मैदानात जो रस कंदिलासारखा भासतो, तोच शहरातील शाळेच्या पटांगणात साध्या पाण्यासारखा दिसतो.

डोळ्यांचाही विचार करावा. लख्ख उजेडातील नाच संपताच एकदम काळोख केला, तर प्रेक्षकांच्या डोळ्यांना अंधाराची सवय व्हायला काही मिनिटे लागतात आणि तेवढ्यात आपला प्रवेश संपलेला असतो. त्यामुळे निशारसाच्या आधीचा प्रवेश मंद उजेडात ठेवावा. आम्ही तेथे विहिरीकाठी पाळत ठेवणाऱ्या दोन पहारेकऱ्यांचा छोटा संवाद घातला आहे; कथेलाही तो शोभतो आणि डोळेही तयार होतात.

दिवा खरोखर अतिनील आहे का?

बाजारात जांभळा उजेड देणारा प्रत्येक दिवा अतिनील म्हणून विकला जातो. जांभळा रंग दिलेला बल्ब आपल्या कामाचा नसतो. खरे अतिनील एलईडी साधारणपणे 365 आणि 395 नॅनोमीटर (किरणांची तरंगलांबी मोजण्याचे एकक) अशा दोन प्रकारांत मिळतात. क्विनाइन 350 नॅनोमीटरच्या आसपास चांगले शोषण करते, म्हणून 365 चा दिवा स्वतः फारसा उजेड न दाखवता रस उत्तम उजळवतो, तर 395 चा दिवा सगळा रंगमंच जांभळा करतो आणि रस मात्र फिकाच राहतो. दुकानातून आणताना खोक्यावरचा हा आकडा वाचावा; केवळ तेवढ्यासाठी परत फेऱ्या मारलेल्या शाळा मी पाहिल्या आहेत.

दिवा तपासण्याची आपल्याकडची सर्वांत स्वस्त वस्तू म्हणजे केळे. रावेर, यावल, चोपडा या पट्ट्यात तर ते मागावेही लागत नाही. पूर्ण पिवळे, शक्यतो ठिपके पडू लागलेले केळे आणि एक कच्चे हिरवे केळे अंधाऱ्या खोलीत शेजारी ठेवून त्यांच्यावर दिवा धरावा. पिकलेल्या सालीवर निळसर झाक येते, ठिपक्यांभोवती निळी कडी अधिक स्पष्ट दिसतात आणि हिरव्या केळ्यावर तसे काही दिसत नाही. केळे पिकताना हरितद्रव्य मोडते आणि त्यातून तयार होणारे पदार्थ अतिनील किरणांखाली निळे चमकतात. ऑस्ट्रियातील इन्सब्रुक विद्यापीठातील संशोधकांनी 2008 मध्ये सहकाऱ्यांसह हे प्रसिद्ध केले. दिव्याने केळे निळसर दिसले, तर तो रसासाठीही चालेल. वहीचा पांढरा कागद मात्र 395 च्या दिव्याखालीही झगझगीत होतो, त्यामुळे केवळ कागदावरून दिव्याची पारख करू नये.

दिवा योग्य निघाला, तर बॅटरीचे सेल बदलून पाहावेत, काचेवरची धूळ पुसावी आणि अंतर कमी करावे. उघड्या दिव्याचे अंतर दुप्पट केले की वस्तूवर साधारण चौथा भाग प्रकाश पोहोचतो. विंगमधून बारा फुटांवरून मारलेला दिवा आणि चौरंगाखाली हातभर अंतरावर लपवलेला दिवा यांची तुलनाच होऊ शकत नाही. मी दिवा नेहमी चौरंगातच बसवतो, त्याचे तोंड बरणीकडे आणि मुलांच्या डोळ्यांपासून दूर ठेवतो.

पांढऱ्या कपड्यांचा त्रास

कपडे धुण्याच्या पावडरीत पांढरेपणा वाढवणारी द्रव्ये असतात आणि तीही अतिनील किरणांखाली निळी चमकतात. गणवेशाचे पांढरे शर्ट घातलेली चार मुले बरणीभोवती उभी राहिली की प्रेक्षकांना शर्ट दिसतात, रस दिसत नाही. निवाड्याच्या प्रवेशात असणाऱ्या प्रत्येकाचे कपडे आदल्या दिवशी दिव्याखाली धरून पाहावेत. बरणीमागे मी काळी घोंगडी टांगतो. ती चमकत नाही आणि उरलेला उजेडही गिळून टाकते.

बरणीची भिंत

काही कठीण पारदर्शक प्लास्टिक डोळ्यांना स्वच्छ दिसते, पण अतिनील किरण अडवते. पाण्याचे मोठे जार ज्यापासून बनतात त्या पॉलिकार्बोनेटचा हाच दोष आहे. साधी काच आणि शीतपेयाची पातळ बाटली 365 चे किरण बऱ्यापैकी जाऊ देतात. तपासणी अर्ध्या मिनिटाची आहे. रिकाम्या बरणीच्या आत पांढरा कागद ठेवावा आणि बाहेरून दिवा मारावा. कागद उघड्यावर जेवढा चमकतो त्याच्या मानाने आत पुष्कळच मंद झाला, तर बरणी बदलावी. लोणच्याची जुनी काचेची बरणी या नाटकासाठी मला सर्वांत चांगली वाटते. ती राज्यातल्या जुन्या वस्तूसारखीही दिसते.

पाणी आणि मीठ

माझ्या मते सर्वाधिक वेळा निसटणारी तपासणी ही आहे. धुळे जिल्ह्यातील एका गावी रंगीत तालमीला रस अप्रतिम चमकला होता. प्रयोगाच्या संध्याकाळी बरणी मोठी हवी म्हणून शिक्षकांनी तीच टॉनिक वॉटरची बाटली मोठ्या बरणीत ओतून वरून शाळेच्या बोअरचे पाणी भरले. दिवा तोच, जागा तीच, पण बरणीत राखेसारखी फिकट झाक उरली. मी दोन स्टीलचे पेले बाजूला सारून दोन काचेचे पेले मागवले. दोन्हींत सारखेच टॉनिक वॉटर घेतले, एकात फिल्टरचे पाणी घातले आणि दुसऱ्यात तेवढेच बोअरचे. दिव्याखाली पहिला पेला निळा राहिला आणि दुसरा स्पष्टपणे मंद दिसला. मग पहिल्या पेल्यात तेथल्याच एका विद्यार्थिनीला चमचाभर मीठ टाकून ढवळायला सांगितले. चमचा तीन-चार वेळा फिरला आणि पेल्यातला निळा प्रकाश सगळ्यांच्या डोळ्यांदेखत नाहीसा झाला. ती मुलगी दचकून चमचा तसाच धरून उभी राहिली.

याचे कारण मिठातील क्लोराइड. अतिनील किरण शोषून उत्तेजित झालेला क्विनाइनचा रेणू प्रकाश टाकण्यापूर्वीच क्लोराइड आयनाशी आदळला, तर त्याची ऊर्जा प्रकाश न होताच निघून जाते. क्विनाइन नष्ट होत नाही, म्हणून द्रव डोळ्यांना जसाच्या तसा दिसतो आणि चूक कोठे झाली ते कळत नाही. उन्हाळ्याकडे झुकलेल्या दिवसांत, पातळी खाली गेल्यावर, अनेक बोअरचे पाणी चवीला मचूळ लागते. अशा पाण्यात रस निम्म्याने मंद होऊ शकतो. म्हणून वाढीव पाणी घालायचेच असेल, तर फिल्टरचे घालावे आणि आधी दोन पेल्यांची ही चाचणी करावी.

नाटकात आम्ही हाच दोष कामाला लावला आहे. खोटे बोलणारा प्रधान बरणीत हात घालतो तेव्हा त्याच्या मुठीत बारीक मीठ असते. त्यामुळे या नाटकात एक जादा काळजी घ्यावी लागते. विझलेला रस पुढच्या प्रयोगासाठी परत बाटलीत भरू नये, बरणी दोन-तीनदा धुवावी आणि मिठाची वाटी रसाच्या टेबलावर ठेवू नये. "कालच्या प्रयोगानंतर रस कायमचाच मंद झाला" ही तक्रार आली की मी पहिल्यांदा उरलेल्या रसाची चौकशी करतो.

साबण, सोडा आणि आम्ल

क्विनाइन आम्लयुक्त द्रवात चांगले चमकते. टॉनिक वॉटरमध्ये सायट्रिक आम्ल असतेच, पण बरणी धुण्याच्या सोड्याने किंवा साबणाने धुऊन नीट खंगाळली नसेल, तर ते आम्ल मारले जाते आणि झळाळी उतरते. खात्रीसाठी हळदीचा कागद पुरतो. जाड पांढऱ्या कागदावर ओली हळद घासून वाळवावी, बरणीत थोडे स्वच्छ पाणी हलवून त्याचा थेंब त्यावर टाकावा. डाग तांबूस झाला, तर बरणीत सोड्याचा किंवा साबणाचा अंश शिल्लक आहे. चुना लावून हळदीचे कुंकू होते, तोच हा बदल. बरणी पुन्हा धुवावी आणि गरज वाटल्यास रसात चिमूटभर लिंबूसत्त्व घालावे. आम्ल चांगले असते एवढेच ऐकून कोणी फरशी साफ करण्याचे आम्ल आणून ओततात. त्यात क्लोराइडच असते, शिवाय मुलांच्या हाताला आणि डोळ्यांना ते घातक आहे, म्हणून त्याला रंगमंचाजवळही येऊ देऊ नये. रंग उडवणाऱ्या ब्लीचने बरणी धुतली असेल, तर तीही भरपूर पाण्याने खंगाळावी, कारण ब्लीच क्विनाइनचा रेणूच मोडते. बाटलीतला गॅस निघून गेल्याने मात्र काही बिघडत नाही.

रंग आणि भेसळ

रस अधिक निळा दिसावा म्हणून खाण्याचा निळा रंग घालणे ही फार प्रचलित चूक आहे. रंग अतिनील किरणही शोषतो आणि बाहेर येणारा प्रकाशही अडवतो. बी-कॉम्प्लेक्सची गोळी विरघळवून पिवळट हिरवी चमक आणण्याची युक्ती खरी आहे, कारण त्यातील रिबोफ्लेविन स्वतः चमकते; पण ती गोळी टॉनिक वॉटरमध्ये टाकू नये, कारण रिबोफ्लेविन क्विनाइनचा निळा प्रकाश शोषून घेते. दोन रंग हवे असतील, तर दोन बरण्या कराव्यात. रिबोफ्लेविनचे पाणी उन्हात ठेवले की खराब होते, म्हणून ते प्रयोगाच्याच दिवशी करून कपाटात ठेवावे. अंधारात स्वतःच चमकणारी पावडर पाण्यात घालण्याचाही मोह होतो. त्या पावडरीत बहुधा स्ट्रॉन्शियम ॲल्युमिनेट असते आणि आवरण नसलेले हे द्रव्य पाण्यात विघटित होऊन निकामी होते. ती पारदर्शक वॉर्निशमध्ये मिसळून बरणीच्या झाकणाला किंवा विहिरीच्या कठड्याला लावावी.

एकच बाजू का उजळते?

येथपर्यंत सगळे ठीक असेल आणि तरीही बरणीचे पोट काळे राहत असेल, तर रस वाढवू नये, उलट फिल्टरच्या पाण्याने थोडा पातळ करावा. क्विनाइन दाट असले की दिव्याच्या बाजूचा पहिला थरच बहुतेक किरण खाऊन टाकतो आणि मागे काही पोहोचत नाही. हर्शेल यांनाही तो निळा प्रकाश द्रवाच्या पृष्ठभागालगतच दिसला होता. यावर उपाय तीन आहेत. अरुंद बरणी घ्यावी, रस पातळ करावा किंवा दिवे दोन बाजूंनी आणि खालून लावावेत. तिसरा उपाय सर्वांत देखणा आहे, पण त्यासाठी चौरंग पुन्हा बांधावा लागतो, म्हणून मी तो शेवटी ठेवला आहे.

कोठे थांबावे

काही ठिकाणी पुढे जाऊ नये, हे मी अगदी स्पष्टपणे सांगतो. पाणी शुद्ध करण्याच्या यंत्रातील किंवा निर्जंतुकीकरणाच्या पेटीतील अतिनील नळी काढून कोणीही रंगमंचावर लावू नये. तिचे किरण 254 नॅनोमीटरचे असतात, आपल्या रसासाठी त्यांची गरज नाही आणि थोड्या वेळातच ते डोळे व त्वचा भाजतात. त्रास लगेच जाणवत नाही. काही तासांनी डोळ्यांत वाळू गेल्यासारखे खुपते, पाणी येते आणि उजेड सहन होत नाही. असे कोणाच्याही बाबतीत झाले, तर घरगुती उपाय न करता थेट नेत्रतज्ज्ञांकडे न्यावे.

चमकत्या कांड्या कापून त्यातील द्रव बरणीत ओतू नये. आत काचेची नळी असते आणि द्रवाने त्वचा व डोळे चुरचुरतात. आपल्या भागातील उष्णतेत त्या लख्ख पेटतात आणि लवकर विझतात, म्हणून त्यांचा भरवसाही नाही.

बॅटरीऐवजी दिवे थेट विजेवर चालवायचे असतील, चौरंगात पाण्याची बरणी आणि तारा जवळ येत असतील, दिवा लुकलुकत असेल किंवा स्टीलच्या दांड्याला हात लावताच झिणझिण्या येत असतील, तर तेथेच मुख्य स्विच बंद करून परवानाधारक वायरमनला बोलवावे. गावात रात्री शेतीपंप सुरू झाल्यावर विजेचा दाब खाली येतो आणि दिवे मंद होतात. तो दोष शिक्षकांनी तारा जोडून दुरुस्त करण्याचा नाही. मी स्वतः इतकी वर्षे हे काम करूनही अर्थिंगला हात लावत नाही.

बरणीतला रस एकदा रंगसाहित्याच्या टेबलावर आला की तो कोणी प्यायचा नाही, असा नियम मुलांना पहिल्याच तालमीला सांगावा. कोणी प्यायलेच आणि अंगावर पुरळ, कानात आवाज किंवा चक्कर असे काही जाणवले, तर उरलेली बाटली सोबत घेऊन डॉक्टरांकडे जावे.

प्रयोगाला अर्धा तास उरला असेल आणि दोष सापडत नसेल, तर शोध थांबवावा. बरणीच्या झाकणाला आतून बॅटरीवरचा छोटा निळा एलईडी चिकटवावा, पाण्यात दुधाचे दोन थेंब घालावेत म्हणजे उजेड पसरेल, आणि प्रधानाचा हात आत जाताच झाकणाजवळच्या मुलाने बटण दाबून तो विझवावा. या बरणीजवळ अतिनील दिवा लावू नये. त्या बटणाची तालीम मात्र त्या अर्ध्या तासात किमान पाच वेळा करून घ्यावी.